साहित्यातला देह आणि देहातला माणूस

मराठी समीक्षेत मानवी देहाचा विषय निघाला, की चर्चा बहुधा एकाच दाराने आत शिरते. ते दार म्हणजे श्लील आणि अश्लील यांचा वाद. र. धों. कर्वे यांनी १९२७ पासून १९५३ पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक चालविले. त्यांच्यावर खटले झाले आणि १९३४ साली त्यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर न्यायालयात उभे राहिले. बा. सी. मर्ढेकर यांच्या १९४७ साली निघालेल्या ‘काही कविता’ या संग्रहावर अश्लीलतेचा खटला झाला व कवी निर्दोष ठरले. चंद्रकांत काकोडकर यांची ‘श्यामा’ ही कथा ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली आणि तिचा निकाल लागायला १९६९ साल उजाडले. सर्वोच्च न्यायालयाने ती अश्लील नसल्याचे ठरविले. विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’ या १९७२ च्या नाटकाचा वादही उच्च न्यायालयापर्यंत गेला. या साऱ्या प्रकरणांचा इतिहास रंजक आहे. परंतु त्याचा एक परिणाम असा झाला, की साहित्यात देह किती उघडा आहे, एवढेच मोजण्याची सवय वाचकाला लागली. बाजू घेणारा असो वा विरोध करणारा असो, दोघांच्या हाती माप एकच.

न्यायालयाला असे माप लागते, याबद्दल आमची तक्रार नाही. कायद्याचे काम रेषा आखण्याचे आहे. साहित्याच्या वाचकाचे काम निराळे आहे आणि आमच्या मते अधिक कठीण आहे. त्याने विचारावयाचा प्रश्न असा : लेखकाने जो देह आमच्यापुढे उभा केला आहे, त्यात माणूस शिल्लक आहे काय? त्या देहाला नाव आहे का, भूक आहे का, श्रम, आठवण आणि लाज आहे का? की तो पाहणाऱ्याच्या डोळ्यांसाठी मांडलेला एक पदार्थ आहे? हा प्रश्न घेऊन मराठी साहित्याकडे, विशेषतः आमच्या खानदेशाशी नाते असलेल्या साहित्याकडे पाहिले, तर काय दिसते, हे या लेखात थोडक्यात मांडावयाचे आहे.

हा विषय कुटुंबांत वाचल्या जाणाऱ्या नियतकालिकात कशाला, असे काही वाचकांच्या मनात येईल. त्यांना आम्ही एवढेच म्हणू, की देहाविषयी आपल्या घरांत आणि आपल्या वेदीवरून जे बोलले जात नाही, ते आपल्या मुलामुलींना दुसरीकडून ऐकू येतेच. आज ते त्यांच्या हातातल्या फोनवर येते, आणि तिथे देह असतो, माणूस नसतो. अशा वेळी चांगले साहित्य वाचण्याची सवय हे एक संरक्षण आहे; पण ते वाचावे कसे, हे ठाऊक असेल तरच.

प्रथम आपल्या भाषेकडेच पाहावे. मराठी माणूस देहाच्या साहाय्याने विचार करतो. ज्याची रोजची मिळकत रोजच संपते, त्याचे ‘हातावर पोट’ असते. एकाच आईच्या लागोपाठच्या लेकरांना आपण ‘पाठीला पाठ लावून’ आलेली भावंडे म्हणतो. दुसऱ्याचा अपराध आपण ‘पोटात घालतो’, संकटात कोणाच्या ‘पाठीशी’ उभे राहतो, आणि दुःखाची वार्ता ऐकून आपल्या ‘काळजाचे पाणी’ होते. क्षमा, आधार, नाते, दारिद्र्य या सर्व गोष्टी भाषेने देहातच साठवून ठेवल्या आहेत. देह म्हणजे आत्म्यावरचे निव्वळ आवरण होय, असे या भाषेला कधी वाटलेले दिसत नाही. ‘हातावर पोट’ हे दोन शब्द ज्या समाजाने घडविले, त्या समाजाला देहाकडे पाहण्याची दृष्टी समीक्षकांनी शिकवावी लागत नाही. तीच दृष्टी समीक्षेत यावी, एवढीच अपेक्षा आहे.

आम्ही पहूरला राहतो. येथून अजिंठ्याची लेणी काही कोसांवर आहेत आणि लेण्यांखालून वाहणारी वाघूर नदी याच मुलखातून पुढे तापीकडे जाते. लेणी म्हणजे साहित्य नव्हे, हे आम्हांस ठाऊक आहे. परंतु सोळाव्या क्रमांकाच्या लेण्यातील एका चित्रामागे काव्य आहे. वाकाटक राजा हरिषेण याचा मंत्री वराहदेव याने पाचव्या शतकात हे लेणे कोरविले. त्यात बुद्धाचा सावत्र भाऊ नंद याची कथा रंगविली आहे. हीच कथा अश्वघोषाने आपल्या ‘सौंदरनंद’ या संस्कृत महाकाव्यात सांगितली आहे : नवविवाहित नंद भिक्षू होतो आणि त्याची पत्नी सुंदरी घरी वाट पाहत राहते. तो परत येणार नाही, हे कळल्यावर तिची जी अवस्था झाली, ती चित्रकाराने दाखविली आहे. हे चित्र पुष्कळ काळ ‘मरणोन्मुख राजकन्या’ या नावाने ओळखले गेले. कथा माहीत नसलेल्या पाहुण्यांना एक सुंदर स्त्री मरताना दिसली. कथा जाणणाऱ्याला टाकून दिलेली सुंदरी दिसते.

या फरकात आमच्या विवेचनाचे सार आहे. चित्र तेच, रेषा त्याच, देह तोच. परंतु नाव आणि दुःख ठाऊक झाले, की त्या देहाकडे पाहण्याची आपली नजर बदलते. आणखीही एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. ज्या भिक्षूंनी संसार सोडला होता, त्यांच्या निवासात आणि प्रार्थनास्थळी ही चित्रे आहेत. देहाचा मोह सोडलेल्यांनी देह पाहण्याचे सोडले नव्हते. झुकलेली मान, सैल पडलेला हात, सख्यांचे चिंतित चेहरे हे सर्व त्यांच्या भिंतीवर होते आणि ते करुणेने रंगविलेले होते. विरक्ती म्हणजे देहाचा तिरस्कार, असा समज करून घेणाऱ्या धार्मिक माणसांनी, आणि त्यात आम्ही कॅथोलिकही आलो, ही भिंत एकदा पाहून यावी.

याच लेण्यांनी मराठीला एक दीर्घ कविता दिली. पळसखेडचे ना. धों. महानोर यांचे ‘अजिंठा’ हे काव्य मेजर रॉबर्ट गिल आणि पारो यांच्या कथेवर आहे. गिल या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास वर्षानुवर्षे येथे राहून भित्तिचित्रांच्या मोठ्या प्रतिकृती केल्या. त्यांतील बहुतेक १८६६ साली लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमधील आगीत जळाल्या. पारो ही स्थानिक स्त्री त्याची सहचारिणी होती. अजिंठा गावी तिची कबर आहे आणि तीवर २३ मे १८५६ ही मृत्यूची तारीख कोरलेली आहे. गिल १८७९ साली वारला. त्याची कबर भुसावळला आहे. इतिहासाच्या पुस्तकांत गिलला जागा मिळाली, पारोच्या वाट्याला एक दगड आला. महानोरांच्या कवितेचे मोल आम्ही यात मानतो, की तिने त्या दगडाखालच्या बाईला चालण्याबोलण्याचा देह परत दिला. १९६७ सालच्या ‘रानातल्या कविता’ या संग्रहापासूनच महानोरांच्या कवितेत स्त्रीचा देह आणि पिकाने भरलेले शेत एकमेकांत मिसळून येतात. हे मिसळणे मोहक आहे, पण त्यात एक धोकाही आहे. शेताच्या उपमा फार झाल्या, की बाई हरवते आणि नुसते शेत उरते. जिथे ती हरवत नाही, तिथे ही कविता मोठी होते, असे आम्हांस वाटते.

उपमांच्या या धोक्यावरचा उत्तम उतारा जळगावजवळच्या असोदे गावी १८८० साली जन्मलेल्या बहिणाबाई चौधरी यांच्या गाण्यांत सापडतो. अक्षरओळख नसलेल्या या शेतकरी स्त्रीने कामाच्या नादात रचलेली गाणी तिचे पुत्र सोपानदेव यांनी जपली आणि १९५२ साली, तिच्या मृत्यूनंतर, ती आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह पुस्तकरूपाने आली. बहिणाबाईंचे तत्त्वज्ञान, त्यांची बोली, त्यांचे निसर्गप्रेम यांवर पुष्कळ लिहिले गेले आहे. त्यांच्या कवितेतील देहावर मात्र फारसे लिहिले गेलेले आमच्या पाहण्यात नाही. त्याचे कारण उघड आहे. देह म्हटले की शृंगार, ही आपली ठरलेली कल्पना. आणि बहिणाबाईंच्या गाण्यांतला देह दळतो, नांगरतो, पेरतो, ओझे उचलतो. राबणारा देह हा देहच नव्हे, असा काहीसा आपल्या समीक्षेचा समज असावा.

बहिणाबाई वयाच्या तिसाव्या वर्षी विधवा झाल्या. या आघातावरच्या त्यांच्या गाण्यात देहाची तीन ठिकाणे येतात : कपाळ, मनगट आणि गळा. ही तीन ठिकाणे त्यांनी सहज निवडली असे म्हणवत नाही, कारण विधवेच्या देहावर समाज ज्या जागी हात घालतो, त्या नेमक्या याच तीन जागा आहेत. कपाळावरचे कुंकू पुसले जाते, मनगटातल्या बांगड्या फुटतात, गळ्यातले मंगळसूत्र तुटते. समाजाच्या लेखी त्यानंतर त्या देहावर वाचण्यासारखे काही उरत नाही. बहिणाबाई म्हणतात, उरते. कुंकवाखाली झाकलेली दैवाची रेघ आता उघडी दिसते. मनगटात काम करण्याचे बळ शिल्लक असते. गळ्यात दिलेल्या शब्दाची आण शिल्लक असते. दागिना गेला, अवयव राहिला, आणि त्या अवयवाच्या मालकीण आम्हीच, असा या गाण्याचा रोख आहे. आपला हात पाहू म्हणणाऱ्या ज्योतिषाला याच बाईने दाराबाहेर ठेवले, हे त्याच्याशी जुळणारेच आहे. ज्या हाताने राबून घर उभे केले, तो हात दुसऱ्याने वाचून दाखवावा, याची तिला गरज वाटली नाही.

या गाण्यात एकही शब्द असा नाही, की ज्यास कोणी अश्लील म्हणेल. तरीही विधवेच्या देहाविषयी याहून धीट विधान मराठीत क्वचितच झाले असेल. धीटपणा हा उघडेपणात असतो, ही समजूत किती उथळ आहे, ते या एका गाण्यावरून दिसून येते. कपाशीच्या वेचणीला वाकलेल्या बायका या तालुक्यात आम्ही दरवर्षी पाहतो. संध्याकाळी वजनकाट्याशी उभ्या राहिल्यावर त्यांच्या बोटांना बोंडांचे ओरखडे असतात. त्यांच्यापैकी एखादीने हे गाणे ऐकले, तर तिला त्यातील मनगट परके वाटणार नाही. साहित्यातल्या देहाची ही एक खरी परीक्षा आहे, की ज्याच्यावर लिहिले, त्याला त्यात आपले अंग ओळखू यावे.

देहावर समाजाने केलेल्या दुसऱ्या एका खुणेविषयी आता बोलले पाहिजे. ती खूण म्हणजे विटाळ. चौदाव्या शतकात चोखामेळ्याची पत्नी सोयराबाई हिने या कल्पनेवर बोट ठेवले. देहाला विटाळ आणि आत्मा निर्मळ असे सगळे म्हणतात. पण विटाळ देहातच उपजतो, तर त्याच्यावाचून जन्मलेला देह कोणता, असा तिचा सवाल आहे. महार जातीच्या या स्त्रीने, आपण देहापलीकडे शुद्ध आत्मा आहोत, एवढे सांगून सुटका करून घेतली नाही. माझा देह जसा, तसाच तुमचाही, असे तिने म्हटले. देहाचा प्रश्न तिने देहाच्याच पातळीवर सोडविला, हे तिचे वेगळेपण आहे.

सोयराबाईने बाहेरून विचारलेला हा प्रश्न सोवळ्या घराच्या आतून कसा दिसतो, हे आपल्या सर्वांच्या परिचयाच्या एका ग्रंथात पाहावयास मिळते. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून भागाभागांनी प्रसिद्ध झाली. त्यांचा आरंभ लक्ष्मीबाईंच्या वडिलांच्या सोवळ्याच्या वेडाने होतो. १८५७ च्या धामधुमीत कुटुंबावर कोसळलेल्या आघातानंतर या गृहस्थांच्या मनाने असा ध्यास घेतला, की बाजारातून आलेले मीठसुद्धा धुतल्यावाचून घरात येऊ नये. स्पर्शाच्या या भीतीत वाढलेली मुलगी पुढे आपल्या विचाराने जातिभेद माणसांनी केलेला आहे, या निर्णयास येते आणि कोणाच्याही हातचे अन्नपाणी घेण्यास सिद्ध होते. हा बदल १९०० साली झालेल्या त्यांच्या बाप्तिस्म्याच्या आधीचा आहे, हे महत्त्वाचे. पुस्तकाची समीक्षा करताना आपण त्यातील विनोदाची, सरळ भाषेची, टिळक पतिपत्नींच्या विलक्षण संसाराची वाखाणणी करतो, आणि ती यथार्थच आहे. पण या आत्मकथेचा कणा म्हणजे एका देहाचे भयमुक्त होणे होय, ही गोष्ट फारशी कोणी सांगत नाही. लक्ष्मीबाईंचे मतांतर ओठांच्या आणि हातांच्या वाटेने झाले : प्रथम पाणी, मग अन्न, मग श्रद्धा. ख्रिस्ती मराठी साहित्यात देहाविषयी इतके मोलाचे पान दुसरे नाही, असे म्हणावयास आम्हांस संकोच वाटत नाही.

आता पुन्हा मर्ढेकरांकडे वळू, कारण देहाचा कवी आणि देह बाजूला ठेवणारा समीक्षक हे दोघेही त्यांच्यात एकत्र राहत होते. मर्ढेकरांचा जन्म १९०९ सालचा आणि तोही आमच्या जिल्ह्यातील फैजपूरचा. असोदे आणि फैजपूर यांच्यामध्ये फार अंतर नाही. पण बहिणाबाईंचा देह शेतात एकटा उभा आहे, तर मर्ढेकरांचा देह महानगरीच्या गर्दीत चेपलेला आहे. पिपात मरून पडलेल्या उंदरांवरच्या त्यांच्या कवितेने १९४० च्या दशकात मराठी रसिकांना मळमळल्यासारखे झाले. माणसाला उंदीर केले, हा आक्षेप त्यांच्यावर आला. आमच्या मते त्या कवितेत माणूस उंदीर झालेला पाहून कवीच्या घशात आवंढा आला आहे. किळस हे त्याचे वरचे रूप आहे, आतून ती अनुकंपा आहे. त्यांचा गणपत वाणी तर याहून जवळचा आहे. दुकानातल्या गोणपाटावर झोपणारा, बिडी ओढत माडी बांधण्याचे स्वप्न पाहणारा आणि तसाच मरून जाणारा हा किरकोळ माणूस. त्याच्या देहाचे वर्णन मोजक्या रेषांचे आहे; पण त्या देहात स्वप्न आहे, म्हणून तो माणूस आहे. आपल्या प्रत्येक गावाच्या बाजारात असा एक गणपत बसलेला असतो.

मर्ढेकरांच्या समीक्षेत मात्र हा गणपत कोठे सापडत नाही. ‘सौंदर्य आणि साहित्य’ या १९५५ च्या ग्रंथास पुढील वर्षी साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले आणि मराठी सौंदर्यविचाराची पुढची दिशा त्याने ठरविली. संवाद, विरोध आणि समतोल या लयींच्या तत्त्वांवर कलाकृतीची घडण पारखावी, असे त्यांचे प्रतिपादन होते. कलेला बाहेरच्या हेतूंच्या जाचातून सोडविणे हा त्यामागील उद्देश सन्मान्य होता. परंतु घडण पाहता पाहता ती घडण कोणाच्या अंगाची आहे, हे विचारण्याची सवय सुटली. एका बाजूला श्लीलतेचे रक्षक देहाचे कपडे मोजत राहिले, दुसऱ्या बाजूला रूपाचे उपासक देहाच्या रेषा मोजत राहिले. देह कोणाचा, हे दोघांनीही विचारले नाही.

तो प्रश्न विचारला दलित लेखकांनी. नामदेव ढसाळ यांचा ‘गोलपिठा’ १९७२ साली आला आणि मुंबईतल्या देहविक्रयाच्या वस्तीने मराठी कवितेत आपल्याच भाषेत तोंड उघडले. हा संग्रह कोवळ्या वयाच्या मुलांच्या हाती द्यावा, असे आम्ही सुचविणार नाही. त्यातील प्रत्येक कविता संतापाचा भार सारख्याच ताकदीने पेलते, असेही नाही. पण तेथील बाई विकली जात असली, तरी कवीच्या नजरेत ती विकाऊ वस्तू नाही, एवढा भेद प्रौढ वाचकाने ओळखलाच पाहिजे. बेबी कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’ या आत्मकथनात बाळंतिणींच्या उपासाची जी पाने आहेत, ती वाचून कोणाही आईच्या डोळ्यांत पाणी उभे राहील. लेकराला जन्म देऊन पडलेली, अजून वयाने पोर असलेली बाई, आणि घरात तिला घालावयास घास नाही. बाळंतपणावर, मातृत्वावर मराठीत किती गोड कविता आहेत! त्यांच्या शेजारी ही पाने ठेवून वाचली, की त्या गोडव्यात बाईचे पोट कुठे होते, असा प्रश्न पडतो. शरणकुमार लिंबाळे यांनी १९९६ सालच्या ‘दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र’ या पुस्तकात जुन्या सौंदर्यकल्पना या साहित्यास अपुऱ्या पडतात, अशी भूमिका घेतली. त्यांच्या सर्व निष्कर्षांशी सहमत होण्याची आवश्यकता नाही. परंतु उपाशी देहाचे वर्णन ‘सुंदर’ या शब्दाने तोलता येत नाही, हा त्यांचा मूळ मुद्दा नाकारता येण्यासारखा नाही.

येथे आपल्या स्वतःच्या परंपरेकडे वळणे क्रमप्राप्त आहे. फादर थॉमस स्टीफन्स या येशूसंघीय धर्मगुरूने सुमारे अकरा हजार ओव्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ रचले आणि ते १६१६ साली गोव्यात राचोल येथे छापले गेले. मराठी ख्रिस्ती साहित्याचा हा आरंभ एका देहाची कथा सांगण्याने झाला आहे : जन्मलेला, भुकेलेला, थकलेला, फटके खाल्लेला, मेलेला आणि पुन्हा उठलेला देह. शब्द देहधारी झाला, या श्रद्धेवर जो समाज उभा आहे, त्याच्या साहित्यात देहाची सर्वांत निर्भय आणि सर्वांत हळुवार वर्णने असावयास हवी होती. प्रत्यक्षात काय आढळते? आपल्या अनेक भक्तिपर पुस्तिकांत आणि प्रवचनांत देह हा केवळ मोहाचा रस्ता म्हणून येतो. हुतात्म्यांच्या चरित्रांत त्याच्या वेदनांची यादी येते, पण त्या हुतात्म्याला तहान लागली होती, घरची आठवण झाली होती, हे येत नाही. तो देहही मग प्रदर्शनाची वस्तू होऊन बसतो. श्लीलतेच्या कोणत्याही रक्षकास या पुस्तिका पसंत पडतील. आमच्या मापाने त्यांतील बऱ्याच नापास होतात.

या संकोचाचे एक कारण भाषांतरात दडलेले आहे. संत पौलाच्या पत्रांत मूळ ग्रीक भाषेत दोन निरनिराळे शब्द आहेत : ‘सार्क्स’ आणि ‘सोमा’. यांतला पहिला शब्द पौल पुष्कळदा देवाकडे पाठ फिरविलेल्या सबंध मनुष्यस्वभावासाठी वापरतो; मत्सर, भांडण, फूट यांनाही तो त्याच सदरात घालतो. दुसरा शब्द शरीरासाठी आहे, आणि त्या शरीराला तो पवित्र आत्म्याचे मंदिर म्हणतो. ऐकणाऱ्याच्या कानी मात्र दोन्ही ठिकाणी ‘देह’च पडतो, आणि मत्सराचा दोष शरीराच्या माथी बसतो. प्राचीन काळी शरीर मुळातच वाईट आहे, असे शिकविणारे पंथ होते. ख्रिस्तसभेने त्यांस पाखंड ठरविले. पोप दुसरे जॉन पॉल यांनी १९७९ ते १९८४ या काळात बुधवारच्या भेटींतून मानवी देहावर दीर्घ प्रवचनमाला दिली. तिच्यामागील एक विचार असा, की देह हा व्यक्तीला प्रकट करतो, आणि म्हणून त्याला वापरण्याची वस्तू करणे हा व्यक्तीचा अपमान आहे. साहित्याचा वाचक म्हणून आम्ही जे माप वर सुचविले, ते या विचाराहून फार दूर नाही.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो विचारात घेण्याजोगा आहे. ‘माणूस आहे की नाही’ असे सैल माप हाती दिले, तर कोणतेही गलिच्छ लेखन करुणेच्या नावाखाली आपला बचाव करील, असे कोणी म्हणेल. आमचे उत्तर असे, की हे माप सैल नाही; जुन्या मापाहून ते कडक आहे. जुन्या मापाने, नखशिखांत झाकलेली पण उपमांच्या राशीपलीकडे काहीही नसलेली नायिका सहज पार होते. तिचे डोळे कमळासारखे, चाल हंसासारखी. तिला भूक लागत नाही, तिच्या हातांना घट्टे पडत नाहीत, तिचे मत कोणी विचारीत नाही. आमच्या मापाने ती नायिका अडते. दुसरीकडे, धक्का देण्यासाठीच देह उघडा करणारे लेखनही अडते, कारण धक्क्याला चेहऱ्याची गरज नसते. करुणेचा नुसता दावा पुरत नाही. ती वाक्यावाक्यांत दिसावी लागते, आणि ती दिसते की नाही हे नीट वाचूनच ठरवावे लागते. वाचनाचे हे कष्ट टाळावयाचे असतील, तर बंदी आणि मोकाट सूट हे दोनच सोपे मार्ग उरतात.

म्हणून आईवडिलांना आणि धर्मशिक्षण देणाऱ्या शिक्षकांना आमची विनंती आहे. घरातला मुलगा किंवा मुलगी एखादे पुस्तक वाचीत असेल, तर ते हिसकावून घेण्याआधी किंवा दुर्लक्ष करण्याआधी एक प्रश्न विचारावा : यातल्या माणसाला काय होते आहे? उत्तर देता आले, तर पुस्तकाने आपले काम केले असे समजावे. उत्तरच नसेल, तर ते पुस्तक वरून कितीही सभ्य असो, त्याच्यावर घालविलेला वेळ वाया गेला. वरच्या इयत्तांतील मुलांना ‘स्मृतिचित्रे’ आणि बहिणाबाईंची गाणी मोठ्याने वाचून दाखवावीत. गणपत वाण्याची कविता समजावून सांगावी. ‘जिणं आमुचं’ पालकांनी स्वतः वाचावे, आणि मग मुलांशी बोलावे.

आणि जे आपल्यापैकी लिहितात, त्यांच्यासाठी एक शब्द. आजाऱ्याच्या कपाळाला आणि तळहातांना पवित्र तेल लावताना धर्मगुरूच्या बोटांना जे कळते, ते मराठी साहित्यात अजून फारसे उतरलेले नाही. एका तळहातावर कुदळीचे घट्टे असतात, एकावर भाकरी थापताना बसलेले चटके असतात, एखादा हात इतका हलका झालेला असतो, की उचलताना भीती वाटते. प्रत्येक हाताला त्या वेळी नावानिशी हाक मारली जाते. नावानिशी हाक मारूनच देहाला स्पर्श करावा, हा नियम जितका उपासनेचा, तितकाच लेखणीचाही आहे. तो पाळून लिहिलेले एखादे साधे पान या त्रैमासिकाकडे आले, तर संपादक त्याचे स्वागत करतील, याविषयी आमच्या मनात शंका नाही.